मुद्दल, मुदत आणि दामदुपट

घर गहाण टाकून काढलेले कर्ज अखेरीस कितीला पडते, हा प्रश्न आज बँकेच्या खिडकीशी उभ्या असलेल्या नोकरदारास जितका बुचकळ्यात टाकतो तितका तो आपल्या धर्मशास्त्रकारांना टाकीत नव्हता, कारण त्यांनी व्याजाच्या दराइतकाच, किंबहुना त्याहून अधिक, व्याजाच्या अंतिम मर्यादेचा विचार केला होता. तारण ठेवून घेतलेल्या ऋणावर दरमहा मुद्दलाचा ऐंशीवा भाग, म्हणजे सालिना दरशेकडा पंधरा, एवढी वृद्धी याज्ञवल्क्याने मान्य केली आणि तारण नसेल तर दर चढता ठेवला. परंतु दर कोणताही असो, साचलेले व्याज मुद्दलाइतके झाले की धनकोने थांबावे, हा दंडक मनूपासून चालत आला. महाराष्ट्रात तो दामदुपट या नावाने रूढ झाला, आणि इंग्रजी अमलात मुंबई इलाख्यातील न्यायालयांनीही हिंदू ऋणकोच्या बाबतीत तो विधिनियमाइतकाच बंधनकारक मानला. मात्र त्याचा नेमका आशय पुष्कळांच्या ध्यानात येत नाही. धनकोने जन्मभरात एकूण किती व्याज घ्यावे याला हा नियम मर्यादा घालीत नव्हता; एका वेळी थकलेले किती व्याज मागता येईल, एवढ्यापुरतीच ती मर्यादा होती. व्याज जो वर्षानुवर्षे नियमाने भरीत गेला, त्याने मुद्दलाच्या तिप्पट भरले तरी या नियमाला बाध येत नव्हता. हा बारकावा पुढे फार महत्त्वाचा ठरतो.

तारणाच्या बाबतीत शास्त्राचे मत याहून कठोर होते. मुदतीत सोडविली नाही आणि ऋण दुप्पट झाले तर ठेवलेली वस्तू ऋणकोस पारखी होते, असे याज्ञवल्क्य सांगतो. केवळ जिच्या उत्पन्नाचा उपभोग धनको घेत असतो ती वस्तू कधीच बुडत नाही, असा अपवादही तोच करतो. व्यवहारात या भेदातून गहाणाचे निरनिराळे प्रकार रूढ झाले. नजरगहाणात वास्तू ऋणकोच्या ताब्यात राहते आणि धनकोचा तिजवर केवळ बोजा असतो; कबजेगहाणात कबजा धनकोकडे जातो आणि उत्पन्न व्याजाच्या पोटी जिरते; आणि गहाणलहाण नावाच्या तिसऱ्या प्रकारात खतातच अशी अट असे, की अमुक मुदतीत रक्कम फेडली नाही तर हेच गहाणखत खरेदीखत समजावे. दोनशे रुपयांपायी हजाराचा वाडा एका तिथीच्या उलटण्याने धनकोचा व्हावा, यात अन्याय आहे हे मुंबईच्या उच्च न्यायालयाने १८६४ साली ओळखले आणि गहाण ते अखेरपर्यंत गहाणच, केवळ मुदत टळल्याने त्याची खरेदी होत नाही, असा निर्णय दिला.

राहत्या घराच्या बाबतीत कबजेगहाणाची तऱ्हा मोठी चमत्कारिक होती. कागदोपत्री कबजा सावकारास मिळे, परंतु कुटुंब उठून जाणार कोठे? म्हणून पुष्कळदा त्याच दिवशी, त्याच कारकुनाच्या हातची, दुसरी एक भाडेचिठ्ठी लिहिली जाई आणि वाड्याचा धनी आपल्याच ओसरीवर भाडेकरू म्हणून राही. खतावर व्याजाचा आकडा नसे. जे काही द्यायचे ते भाडे या सदराखाली दिले जाई, आणि भाड्याला दामदुपट लागू नसल्याने ते वीस वर्षे चालले काय किंवा चाळीस वर्षे चालले काय, मुद्दल जसेच्या तसे उभे राही. नातवाने हिशेब मागितला तर आजोबांनी घेतलेली रक्कम पुरती शिल्लक निघे. शास्त्राची मर्यादा उघडपणे न मोडता तिला बगल देण्याची ही युक्ती कोणा एका सावकाराची नव्हे; ऋणाच्या इतिहासात ती सर्वत्र आढळते.

या इतिहासातील सर्वांत बोधप्रद प्रकरण म्हणजे एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील दख्खन होय. व्याजावरील निर्बंध १८५५ च्या कायद्याने सरकारने उठविले आणि १८५९ साली मुदतीचा कायदा आणला, ज्यान्वये नोंदणी नसलेल्या खतावरील दाव्यास तीन वर्षांची मुदत ठरली. व्याज अनंत काळ साचत राहू नये, हा हेतू चांगला होता. परिणाम अगदी उलटा झाला. तीन वर्षे भरत आली की सावकार कुणब्यास बोलावून नवे खत लिहवून घेई आणि त्या खतात थकलेले व्याज मुद्दलात मिळवलेले असे. दरमहा दरशेकडा दोन रुपये या दराने शंभर रुपयांचे तीन वर्षांत १७२ होतात. नव्या खतात १७२ हेच मुद्दल. पुढच्या खतात ते सुमारे २९६, त्यापुढच्यात ५०९, आणि बारा वर्षांच्या अखेरीस ८७५ रुपये. हेच व्याज सरळ आकारले असते तर बारा वर्षांत येणे ३८८ झाले असते, आणि दामदुपटीने ते २०० वरच अडले असते. परंतु नव्या खतात व्याजाचे मुद्दल झालेले असल्याने दामदुपटीची मोजणी दर वेळी नव्याने सुरू होई. दर न वाढविता, कोणताही नियम उघड न मोडता, केवळ खत बदलून शंभराचे पावणेनऊशे होत.

अशा फुगलेल्या मुद्दलाचे शेवटी गहाणखत होई आणि जमिनीबरोबर घरही त्यात जाई. लिहिता-वाचता न येणाऱ्या माणसाने अंगठा उठवायचा, फेड केली तरी पावती मिळायची नाही, पुरे फिटलेले खतही परत हाती यायचे नाही, अशा तक्रारींनी त्या काळचे अर्ज भरलेले आहेत. १२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातील सुपे येथे बाजाराच्या दिवशी जमलेल्या रयतेने सावकारांच्या घरांवर चाल केली, तेव्हा जमावाचा रोख मुख्यत्वे खते, हुकूमनामे आणि वह्या यांवर होता; माणसांच्या जिवाला त्या मानाने फारच थोडी इजा झाली. पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांत हा वणवा पसरल्यावर सरकारने चौकशीसाठी आयोग नेमला, त्याचा अहवाल १८७८ साली प्रसिद्ध झाला, आणि त्यात नोंदलेल्या एका प्रकरणात शंभर रुपयांच्या कर्जावर दोन हजारांहून अधिक व्याज आकारल्याचे आढळले.

पुढच्याच वर्षी झालेल्या दख्खनच्या शेतकऱ्यांच्या कर्जनिवारण कायद्याविषयी मते पुष्कळ आहेत. त्याने पत आटली, सावकार गहाण सोडून थेट खरेदीखतेच लिहवून घेऊ लागले, हा आक्षेप खोटा नाही. आणि म्हणूनच पुढे दुरुस्ती करून, कागद खरेदीचा दिसला तरी मूळ व्यवहार गहाणाचा होता की काय हे तोंडी पुराव्यानेही तपासण्याची मुभा न्यायालयास द्यावी लागली. तथापि या कायद्याची खरी थोरवी, माझ्या मते, अन्यत्रच आहे. शेवटच्या खतावरील आकडा प्रमाण न मानता, व्यवहार प्रथम सुरू झाला त्या दिवसापासूनचा इतिहास न्यायाधीशाने उलगडावा, मुद्दल आणि व्याज यांची स्वतंत्र खाती मांडावीत, चक्रवाढ वजा टाकावी, अशी आज्ञा त्यात होती. शिवाय ऋणकोस पावती, वार्षिक हिशेब आणि खातेवही मागण्याचा हक्क दिलेला होता. कर्जाचा खरा भार जाणायचा तर ते कोठून सुरू झाले आणि मध्ये कधी कधी व्याजाचे मुद्दल झाले हे पाहिले पाहिजे, ही दृष्टी भारतातील कायद्यात इतक्या स्पष्टपणे याच वेळी अवतरली. या कायद्याखालील विशेष न्यायाधीश म्हणून महादेव गोविंद रानडे यांनी दीर्घकाळ काम केले, आणि अर्थशास्त्रावरील त्यांच्या लेखनात पतपुरवठ्याविषयी जी समज दिसते तिला या तालुक्या-तालुक्यांतून तपासलेल्या दप्तरांचा आधार असावा, असे मानण्यास जागा आहे.

पुढील शंभर वर्षांचा वृत्तांत थोडक्यात आटोपता येईल. शहरातील मध्यमवर्ग सहकारी गृहरचनेकडे वळला, मुंबईत गावदेवीस १९१५ साली सारस्वतांची संस्था उभी राहिली. सावकारीवर १९४६ च्या कायद्याने बंधने आली आणि त्यात दामदुपटीलाही जागा मिळाली, पण बँका त्या कायद्याच्या बाहेर राहिल्या. आणि १९७७ साली हसमुखभाई पारेख यांच्या पुढाकाराने एचडीएफसी स्थापन होऊन, निवृत्तीनंतर भविष्यनिर्वाह निधीतून घर बांधणारा पगारदार तिशीत-पस्तिशीतच घराचा मालक होऊ लागला. ही क्रांती लहान नव्हे, आणि तिचा उपहास करण्याचे मला काही कारण दिसत नाही.

परंतु तिच्यासोबत समान मासिक हप्ता आला, आणि या हप्त्याचा गुण असा की तो महिन्याचा भार जितका स्पष्ट दाखवितो तितकाच एकंदर भार झाकून ठेवतो. तीस लाखांचे कर्ज, सालिना दरशेकडा नऊ, वीस वर्षांची मुदत, असे धरले तर हप्ता सुमारे २६,९९२ रुपयांचा बसतो. त्यांपैकी पहिल्या महिन्यात २२,५०० रुपये व्याजात जातात आणि मुद्दलात पडतात ते अवघे ४,४९२. निम्मे मुद्दल फिटायला सुमारे १६८ महिने, म्हणजे चौदा वर्षे लागतात; उरलेले निम्मे सहा वर्षांत फिटते. एकूण भरणा होतो ६४ लाख ७८ हजारांचा. याचा अर्थ, दामदुपटीच्या काळातील धनकोस ज्या आकड्यापाशी एकरकमी दाव्यात थांबावे लागले असते, तो आकडा एक हप्ताही न चुकविणारा आजचा प्रामाणिक ऋणको निमूटपणे ओलांडून जातो. आणि वर म्हटल्याप्रमाणे जुन्या नियमाच्या दृष्टीनेही त्यात काही गैर नाही, कारण येथे व्याज थकतच नाही, ते दरमहा वसूल होते.

मुदतीचा मोह याहून अवघड. वीसऐवजी तीस वर्षे घेतली तर हप्ता २४,१३९ वर उतरतो, म्हणजे महिन्याला २,८५३ रुपयांची सवड मिळते, आणि या सवडीपायी एकूण व्याज सुमारे बावीस लाखांनी वाढते. व्याजमोजणीच्या पद्धतीतही पैसा लपलेला असतो. पूर्वी पुष्कळ गृहवित्त संस्था वर्षभर भरलेले हप्ते वर्षअखेरीस मुद्दलातून वजा करीत. दर तोच, मुदत तीच, तरी वरील कर्जाचा हप्ता या पद्धतीने महिन्याला सुमारे ३९५ रुपयांनी जड होतो आणि वीस वर्षांत त्याचे जवळजवळ पंचाण्णव हजार होतात. जुना सावकार कर्जाची रक्कम हाती ठेवतानाच मनोती कापून घेई; आज प्रक्रिया-शुल्क घेतात आणि पुष्कळदा विम्याचा हप्ताही कर्जातच मिळवतात, ज्यावर मग वीस वर्षे व्याज चालते.

तथापि १८५९ नंतरच्या खतबदलाशी सर्वांत जवळचे नाते आहे ते बदलत्या दराचे. दर वाढला की बँका हप्ता तसाच ठेवून मुदत वाढवीत. याच कर्जावर आरंभीच दर नवावरून साडेदहावर गेला तर महिन्याचे व्याज २६,२५० होते, मुद्दलात पडतात जेमतेम ७४२ रुपये, आणि वीस वर्षांचे कर्ज चौतीस वर्षांहून अधिक लांबते. अकरावर गेला तर हप्ता व्याजालाही पुरत नाही आणि तुटीची रक्कम मुद्दलात चढू लागते. येथे नवे खत नाही, अंगठा नाही, बोलावणेही नाही. एखादे पत्र किंवा मोबाईलवरचा संदेश येतो, एवढेच. रिझर्व्ह बँकेने मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या अवधीत रेपो दर चारवरून साडेसहावर नेला, तेव्हा असंख्य ऋणकोंची मुदत निवृत्तीच्या वयापलीकडे गेली.

अशा वेळी न्यायालयात जाऊन व्याज अवाजवी आहे असे म्हणण्याची सोय नाही, कारण बँकांच्या व्याजाचा दर केवळ जास्त आहे म्हणून व्यवहार पुन्हा उघडता येणार नाही, असे कलम बँकिंग नियमन कायद्यात १९८४ साली घातले गेले. बँकेची बाजूही ऐकली पाहिजे: रुपयाचे मोल घटत असते, पंधराव्या वर्षीचा हप्ता पहिल्या वर्षीच्या हप्त्याइतका जड नसतो, आणि भाड्याच्या घरात राहणाऱ्याचेही तितकेच पैसे जातात व पदरी काही उरत नाही. हे सर्व खरे आहे. पण हा हिशेब ऋणकोने स्वतः मांडावा, त्यासाठी त्याच्यापुढे पूर्ण आकडे असावेत, एवढीच अपेक्षा १८७९ च्या कायद्याचीही होती.

त्याच दिशेने अलीकडे दोन-तीन पावले पडली आहेत. बदलत्या दराच्या गृहकर्जाची मुदतपूर्व फेड करणाऱ्यास दंड आकारू नये, असे रिझर्व्ह बँकेने २०१२ साली ठरविले. याचे मोल लहान नाही: वर उदाहरणादाखल घेतलेल्या कर्जात पहिल्या वर्षाच्या अखेरीस दोन लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर मुदत जवळजवळ तीन वर्षांनी घटते आणि साडेसात लाखांहून अधिक व्याज वाचते, तेच दोन लाख पंधराव्या वर्षी भरले तर लाभ फारच थोडा. ऑगस्ट २०२३ मध्ये आणखी एक फर्मान निघाले: दर बदलताना हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी, की स्थिर दर पत्करावा याची निवड ऋणकोस द्यावी, वाढीव मुदतीतही हप्ता निदान व्याजास पुरेल असे पाहावे, आणि आजवर किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले, किती हप्ते उरले, याचे विवरण दर तिमाहीस पुरवावे. त्यापुढील महिन्यात असेही ठरले, की कर्ज पुरे फिटल्यावर घराचे मूळ दस्तऐवज तीस दिवसांच्या आत परत करावेत आणि धनकोच्या कसुरीने विलंब झाल्यास दर दिवसामागे पाच हजार रुपये भरपाई द्यावी. हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून अमलात आहे.