रोलँ, झाँ
(३ नोव्हेंबर १९३८ – १५ डिसेंबर २०१०). फ्रेंच चित्रपटदिग्दर्शक व कादंबरीकार. जन्म पॅरिसलगतच्या न्यई-स्यूर-सेन येथे. वडील क्लोद मार्तँ रंगभूमीवरील नट व दिग्दर्शक. आई दनीज हिचे झॉर्झ बातायसारख्या लेखकांशी जवळचे संबंध होते. लुई फइयादचे मूक मालिकापट, गास्तों लरूच्या रहस्यकथा आणि अतिवास्तववादी चित्रकला हे संस्कार त्याच्यावर अखेरपर्यंत राहिले. १९५८ मध्ये त्याने दिएपजवळच्या पूर्व्हिल समुद्रकिनाऱ्यावर ‘लेझामूर झोन’ हा लघुपट केला. गोटे, चुनखडीचे कडे आणि पाण्यात शिरत गेलेल्या खांबांच्या रांगा असलेला हा किनारा पुढे त्याच्या चित्रपटांत वारंवार येतो.

‘ल व्हिऑल द्यु व्हांपीर’ (१९६८) हा पहिला दीर्घ चित्रपट. एका जुन्या अमेरिकन भयपटाच्या जोडीला दाखवायला म्हणून तो छोटा बेतला होता. निर्माता सॅम सेल्स्की याने पुढचा भाग जोडायला सांगितला, पण पहिल्या भागात पात्रे मरून गेली होती. रोलँने ती पुन्हा जिवंत केली. मे १९६८ च्या संपकाळात, नवे चित्रपट फारसे लागत नसताना, तो पॅरिसमध्ये झळकला. गर्दी झाली, आरडाओरडही झाली. समीक्षकांनी झोडपून काढले. तरीही ‘ला व्हांपीर न्यू’, ‘ल फ्रिसों दे व्हांपीर’ आणि ‘रेक्विएम पूर अँ व्हांपीर’ हे पिशाचपट लागोपाठ आले. शेवटच्या चित्रपटाचा बराच मोठा भाग जवळजवळ संवादाविना जातो, आणि रोलँचे सामर्थ्य तिथेच दिसते. त्याची कथानके विसविशीत असतात, नटांना अभिनय बेताचाच येतो. पण उंच घड्याळाच्या पेटीतून बाहेर पडणारी पिशाच स्त्री एकदा पाहिली की विसरत नाही. नग्नता ही वितरकांची अट होती. ती त्याने पाळली, मात्र तिच्याभोवती जो विषाद उभा केला तो त्याचा स्वतःचा.

अमियँच्या दफनभूमीत चित्रित केलेला ‘ला रोझ द फेर’ (१९७३) हा त्याचा सर्वांत धाडसी चित्रपट. यात पिशाच नाहीत. रात्री थडग्यांमध्ये वाट चुकलेले एक जोडपे, एवढीच गोष्ट. तो साफ पडला. त्यानंतर पोटासाठी रोलँला मिशेल झांती व अन्य टोपणनावांनी अश्लीलपट करावे लागले. डिसेंबर १९७५ च्या अर्थविषयक कायद्याने अशा चित्रपटांना ‘एक्स’ वर्गात टाकून त्यांवर जबर कर लादला, तरी हे काम थांबले नाही. अत्यंत वैयक्तिक असा ‘लेव्र द सां’ (१९७५) चालला नाही, तेव्हा त्यातीलच दृश्ये घेऊन एक अश्लीलपट जुळवण्यात आला. या टोपणनावी कामात शोधून काढावे असे फारसे काही नाही. ब्रिजित लाए ही अभिनेत्री मात्र त्याला याच व्यवसायात भेटली.

‘ले रेझँ द ला मॉर’ (१९७८) मध्ये द्राक्षमळ्यांवर फवारलेल्या विषाने गावकरी सडू लागतात. फ्रेंच रक्तरंजित भयपटाच्या आरंभीच्या उदाहरणांत त्याची गणना होते. ‘फासिनासिओं’ (१९७९) मधील काळा झगा ल्यालेली, हाती विळा घेतलेली लाए ही रोलँची सर्वाधिक परिचित प्रतिमा. ‘ला मॉर्त व्हिव्हांत’ (१९८२) मध्ये मृत्यूतून परतलेली तरुणी आणि तिची बालमैत्रीण यांची निष्ठा हिंसेच्या टोकाला जाते. रक्तपात भरपूर असूनही हा मुळात मैत्रीचा चित्रपट आहे, आणि रोलँच्या कामात तो पहिल्या पंक्तीत बसावा. त्याच सुमारास दुसऱ्याने सोडलेला झोंबीपट त्याने जे. ए. लेझर या नावाने उरकला. तो त्याच्या खात्यावर धरू नये.

१९९० च्या दशकात तो लेखनाकडे वळला आणि ‘फ्लव्ह न्वार’ प्रकाशनाच्या ‘फ्रेयर’ या भयकथामालेचे संपादनही केले. इंग्रजी भाषिक जगात चित्रफितींमुळे त्याला नवा प्रेक्षक मिळाला, जो मायदेशात कधी मिळाला नव्हता. मूत्रपिंडाच्या विकारावर उपचार चालू असतानाच त्याने आपल्याच कादंबरीवरून ‘ले दझॉर्फलीन व्हांपीर’ (१९९७) केला. ‘ला न्वी देझॉर्लोझ’ (२००७) मध्ये त्याने स्वतःच्या जुन्या चित्रपटांतील दृश्ये पुन्हा गुंफली. पॅरिस येथे त्याचे निधन झाले.