तगरच्या गाड्यांपासून शर्यतीच्या छकड्यापर्यंत

शर्यतीचे मैदान मारणाऱ्या बैलजोडीचे नाव पंचक्रोशीत दुमदुमते, जोडीच्या मालकाला फेटा बांधला जातो आणि गाडीवानाच्या धाडसाची वाखाणणी पारावर कित्येक दिवस चालू राहते. परंतु ज्या छकड्याने ती जोडी आणि तो गाडीवान यांना एका वेगात बांधून ठेवले, त्या छकड्याच्या घडणीचा आणि तो घडवणाऱ्या सुतार-लोहारांचा विचार क्वचितच कोणाच्या मनात येतो. एकाच माणसाला वाहणारे आणि अनावश्यक ते सर्व टाकून दिलेले हे वाहन एका दीर्घ परंपरेचे फलित आहे, आणि त्या परंपरेचा मागोवा घ्यावयाचा तर धाराशिव जिल्ह्यातून आरंभ करणे सर्वथा उचित होय.

इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका अज्ञात ग्रीक खलाशाने लिहिलेल्या ‘पेरिप्लस’ या ग्रंथात पैठण आणि तगर या दख्खनच्या दोन मोठ्या व्यापारी नगरांचा उल्लेख आहे. हे तगर म्हणजेच धाराशिव जिल्ह्यातील आजचे तेर, असा निर्णय पुराभिलेखतज्ज्ञ फ्लीट यांनी 1901 साली दिला आणि पुढे तो सर्वमान्य झाला. तगरहून साधे कापड आणि नाना प्रकारची मलमल भडोचच्या बंदरात जात असे, आणि हा माल वाटा नसलेल्या विस्तीर्ण प्रदेशांतून गाड्यांवर लादून नेला जाई, असे तो ग्रंथकार सांगतो. बालाघाटाच्या पठारावरून उतरून, काळ्या चिकण रानांतून आणि दगडगोट्यांतून समुद्रापर्यंत जाणाऱ्या गाड्यांची जडणघडण कशी होती याचे वर्णन त्याने केलेले नाही. तथापि त्या मार्गावर गाडीचे स्वतःचे वजन हाच बैलांचा पहिला वैरी असला पाहिजे, हे आपल्या मातीत पावसाळ्यात रुतलेले चाक ज्याने पाहिले आहे त्याला निराळे सांगावयास नको.

पुढील शतकांत या मुलखातील मालवाहतूक मुख्यतः वंजारी आणि लमाण तांड्यांच्या पाठाळ बैलांवर आली. गाडे होते ते थोडे आणि बोजड; काहींची चाके भरीव, क्वचित दगडाचीसुद्धा असत आणि एकेका गाड्यास अनेक बैल जुंपावे लागत. या स्थितीत खरा पालट झाला तो याच जिल्ह्यातील परंड्याच्या नैर्ऋत्येस, इंग्रजी अंमलातील टेंभुर्णी येथे. 1836 साली गोल्डस्मिड आणि विंगेट हे अधिकारी इंदापूर तालुक्याच्या महसुली पाहणीत व त्यानंतरच्या बंदोबस्तात गुंतलेले असताना, त्याच खात्यात काम करणाऱ्या गेसफर्ड या तोफखान्याच्या लेफ्टनंटाने पुष्कळ श्रम व खर्च करून इथल्या रयतेच्या गरजेला आणि जमिनीला मानवेल अशा गाडीचा नमुना तयार केला. मोठ्या बाजारपेठेपासून दूर असलेल्या टेंभुर्णीत कारागीर आणि लाकूड-लोखंड जमवणे अवघड असतानाही तेथे कारखाना उभा राहिला, आणि माफक किमतीच्या त्या गाड्यांना मागणीही चांगली आली. रयतेकडून सारा नियमित यावयाचा तर तिचे धान्य बाजारात पोहोचले पाहिजे आणि धान्य पोहोचावयाचे तर गाडी हलकी व स्वस्त असली पाहिजे, हा त्या अधिकाऱ्यांचा हिशेब होता. पाहणी अधिकाऱ्यांच्या नावाची नोंद दप्तरात राहिली. त्या गाड्या प्रत्यक्ष घडवणाऱ्या कारागिरांची मात्र राहिली नाही.

टेंभुर्णीच्या गाड्यांनंतर आली बार्शी लाइट रेल्वे. कुर्डुवाडी ते बार्शी हा तिचा पहिला टप्पा 1897 मध्ये खुला झाला आणि येडशी, तेर या बाजूने वाढत 1911 मध्ये ती लातूरला पोहोचली. तिचा अभियंता एव्हरार्ड कॅलथ्रॉप याने प्रत्येक आसावरील भार पाच टनांच्या मर्यादेत ठेवून इंजिने व डबे आखले होते. म्हणजे ज्या तेरहून एकेकाळी गाड्या भडोचकडे निघत, त्याच तेरच्या शिवारातून हलकेपणाचे तत्त्व आता रुळांवरून धावू लागले. दूरचा माल आगगाडीने उचलला, आणि बैलगाडीकडे शेत, बाजार आणि जत्रा एवढे क्षेत्र उरले.

जत्रेतील शर्यतीला महाराष्ट्रात अनेक रूपे आहेत. विदर्भात तिला शंकरपट म्हणतात. पुणे जिल्ह्यातील घाटांत बैलगाड्यापुढे घोडी पळते आणि गाड्यावर माणूस नसतो. सातारा, सांगली, सोलापूर या पट्ट्यात मात्र छकड्यावर एकटा गाडीवान असतो. या पट्ट्याचा चपळ, पांढऱ्या अंगाचा आणि मागे वळलेल्या लांब शिंगांचा खिल्लार एका बाजूस, आणि लातूरकडचा भारदस्त, काळ्या-पांढऱ्या ठिपक्यांचा देवणी दुसऱ्या बाजूस, अशा दोन पशुवंशांच्या मध्ये धाराशिव जिल्हा वसलेला आहे.

शर्यतीच्या या छकड्याची रचना बारकाईने पाहावी. मालगाडीचा रुंद साटा येथे नाही. चाके, आख, दांड्या, जू आणि गाडीवानाला टेकण्यापुरती जागा, एवढ्यातच सर्व आटोपते. दुचाकी वाहनात भार आखाच्या किंचित पुढे असावा लागतो: तो फार पुढे सरकला तर बैलांच्या मानेवर दाब येतो, मागे गेला तर गाडी उलाळते आणि जू वर उचलले जाऊन जोते गळ्याला आवळतात. एकच माणूस बसणार असल्यामुळे त्याचे शरीर हाच या तोलाचा मोठा अंश ठरतो, आणि तो पुढे झुकला वा मागे रेलला तरी बैलांना ते जाणवते. बाभळीच्या लाकडाचा तुंबा, त्यात ठोकलेले आरे, आऱ्यांवर बसवलेले पुठ्ठे, आणि लाल होईपर्यंत तापवून चढवलेली व पाण्याने थंड होताच चाक आवळून धरणारी लोखंडी धाव, या सर्वांत गुंजभर वजन कमी करावयाचे आणि तरीही बळकटी घटू द्यावयाची नाही, हे शास्त्र सुताराच्या हातात आणि डोळ्यांत असते.

हाच प्रश्न 1962 साली इंग्लंडमध्ये कॉलिन चॅपमन याने शर्यतीच्या मोटारींच्या क्षेत्रात सोडवला. त्याची लोटस 25 ही एका आसनाची गाडी. तीत नळ्यांचा सांगाडा काढून टाकून ॲल्युमिनियमच्या पत्र्याचे कवच हेच वाहनाचे अस्थिपंजर केले होते आणि चालकाला जवळजवळ आडवे निजवले होते. त्या वर्षीचे विश्वविजेतेपद तिचा चालक जिम क्लार्क याच्या हातातोंडाशी आले असता, दक्षिण आफ्रिकेतील ईस्ट लंडनच्या अखेरच्या शर्यतीत एक लहानसा बोल्ट गळून तेल वाहून गेले आणि विजेतेपद प्रतिस्पर्धी ग्रॅहॅम हिलकडे गेले. पुढल्या वर्षी क्लार्कने दहांपैकी सात शर्यती जिंकून त्याची भरपाई केली, आणि 1965 मध्येसुद्धा ती गाडी फ्रान्समध्ये जिंकली. आखाची कुणी (खीळ) निसटली तर उत्तम जोडीही हरते, हे आपल्या लोहाराला कोणी शिकवावे लागत नाही. भेद आहे तो इतकाच, की चॅपमनचे नाव अभियांत्रिकीच्या इतिहासात आदराने घेतले जाते आणि आपल्या सुताराचे नाव त्याच्या गावाच्या शिवेबाहेरही जात नाही.

आपल्या शर्यतींवर मधल्या काळात मोठी संक्रांत आली. 2011 च्या केंद्रीय अधिसूचनेने आणि 7 मे 2014 च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने त्या थांबल्या; राज्याने 2017 मध्ये कायद्यात दुरुस्ती केली, 16 डिसेंबर 2021 रोजी सशर्त परवानगी मिळाली, आणि 18 मे 2023 रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ती दुरुस्ती ग्राह्य धरली. बैलाला काठी, चाबूक वा विजेचा झटका लावण्यास मनाई हे नव्या व्यवस्थेचे मर्म आहे, आणि ते न्याय्यच आहे. माराने मिळवलेला वेग हा मुक्या जनावराकडून उसना घेतलेला असतो. तोलाने आणि हलकेपणाने मिळवलेला वेग मात्र कारागिराने कमावलेला असतो. मार वर्ज्य झाल्यामुळे घडणीचे महत्त्व पूर्वीपेक्षा वाढले आहे, आणि नेमक्या याच काळात रबरी टायरच्या गाड्या व ट्रॅक्टर यांमुळे लाकडी चाक घडवणारे हात कमी होत चालले आहेत.

म्हणून शर्यतीच्या पत्रिकेवर जोडी आणि मालक यांच्या नावांशेजारी छकडा घडवणाऱ्याचे नाव छापले जावे. आणि तेर येथील रामलिंगप्पा लामतुरे वस्तुसंग्रहालयात, प्राचीन तगरच्या अवशेषांच्या सान्निध्यात, एक लाकडी गाडी व एक शर्यतीचा छकडा, त्यांच्या प्रत्येक अवयवाच्या मराठी नावासह आणि कारागिरांच्या नावनिशीसह, कायमचे मांडले जावेत. टेंभुर्णीच्या कारागिरांच्या बाबतीत दप्तराने जी उणीव ठेवली, तिची पुनरावृत्ती आपल्या पिढीने करू नये. कारण ती टाळणे आज आपल्या हाती आहे.