सीताबर्डीचे ढोलवाले

कन्हान नदीच्या उजव्या तीरावर १८२१ साली कामठीची छावणी वसली. पलीकडच्या काठावरच्या लोकांना पलटणीच्या बिगुलाची सवय तेव्हापासूनची असावी. हा माझा अंदाज. भक्कम कागद आहेत ते चार वर्षे आधीच्या लढाईचे.

२६ नोव्हेंबर १८१७ च्या संध्याकाळी नागपूरच्या आप्पासाहेब भोसल्यांची फौज सीताबर्डीच्या दोन टेकड्यांवर चालून आली. इंग्रज रेसिडेंट जेन्किन्सच्या बचावाला कर्नल स्कॉटची जेमतेम १,५०० माणसे. त्यांत मद्रासच्या २०व्या आणि २४व्या पलटणींच्या पहिल्या बटालियन होत्या. सकाळी अरबांनी धाकटी टेकडी घेतली. मग कॅप्टन फिट्झजेराल्डचे घोडदळ सुटले आणि बाजू उलटली. बखरवजा वर्णने इथेच रमतात.

रणवाद्ये दोन्हीकडे होती. भोसल्यांकडची खूण म्हणजे नगारखाना; त्यांचा राजवाडा १८६४ मध्ये जळाला, तेव्हा महालातला तेवढाच उरला. मद्रासच्या पलटणींत शिपाई, नाईक, हवालदारांबरोबर ढोलवाले आणि फाइफ ही छोटी बासरी फुंकणारे यांच्याही मंजूर जागा असत. काळ्या दारूचा धूर दाटला की साहेबाचा आवाज कुठवर पोहोचणार? हुकूम ढोलावरच जायचा. तेव्हा टेकडीवर ढोल होता असे म्हणायला हरकत नाही. त्या रात्री कोणता ठेका वाजला, हे रंगवून सांगणे म्हणजे कादंबरी.

वाजवणारे कोण, याचा माग ईस्ट इंडिया कंपनीच्या १७९५ च्या हुकुमात लागतो. युरोपीय बाप आणि देशी आई यांच्या मुलांना फौजेत घ्यायचे नाही. मुभा फक्त फाइफवाले, ढोलवाले, बँडवाले आणि नालबंद म्हणून. ज्यांच्या हाती बंदूक द्यायची नाही, त्यांच्याच ठेक्यावर बंदूकवाल्यांनी चालायचे! मद्रासच्या ढोलवाल्यांत हे लोक बरेच असावेत, हे या हुकुमावरून निघते.

पण त्या ढोलाने शिपायांना धीर आला, हे हुकुमावरून सिद्ध होत नाही. धीराचा पुरावा हवा तर २४व्या पलटणीचा अर्ज पाहावा. ती मुळातली १ली. १८०६ च्या वेल्लोरच्या बंडानंतर तिचा क्रमांक काढून घेतला गेला होता. सीताबर्डी राखल्यावर शिपायांनी बक्षीस मागितले ते जुना क्रमांक आणि वर्दीच्या पट्ट्यांचा जुना रंग. सरकारने मागणी मान्य केली. २४वी पुन्हा १ली झाली.