शरणपूर, बिशप आणि आपलं निफाड

नाशिकला जाणारा निफाडकर शरणपूर रोडवरून कधी ना कधी जातोच. पण शरणपूर म्हणजे कोण कोणाला शरण आलं होतं, हा प्रश्न फारसा कुणाला पडत नाही. त्याचं उत्तर शोधायला गेलं की माणूस थेट अँग्लिकन चर्चच्या कारभारात जाऊन पडतो. (दप्तरी कारभाराची गोडी असलेल्यांना मजा येईल, इतरांनी थोडा धीर धरावा!)

अँग्लिकन म्हणजे इंग्लंडच्या राजाचं चर्च. त्यात बिशप एका प्रांताचा मुख्य. तो प्रांत म्हणजे डायोसीज, मराठीत धर्मप्रांत. त्याखाली पाळक आणि गावोगावच्या मंडळ्या. 1814 मध्ये कंपनीच्या साऱ्या मुलखासाठी कलकत्त्याला एकच बिशप नेमला. 1818 मध्ये पेशवाई बुडाली आणि आपलं निफाडही, कुणाला न विचारता, त्याच्या नकाशात गेलं. पुढे काही वर्षं तर ऑस्ट्रेलियाही त्याच्याच अखत्यारीत होता. एवढा पसारा, ही हवा... 1822 ते 1831 या काळात कलकत्त्याचे चार बिशप वारले. मग 1837 मध्ये मुंबईचा धर्मप्रांत वेगळा झाला आणि थॉमस कार पहिले बिशप झाले.

यात एक मेख आहे. बिशप आणि छावणीतल्या गोऱ्यांसाठी असलेले चॅपलेन सरकारी तिजोरीतून पगार घेत. गावोगाव हिंडणारे मिशनरी मात्र इंग्लंडातल्या सोसायट्यांच्या वर्गणीवर जगत. नाशकात अशा चर्च मिशनरी सोसायटीचं काम 1832 पासून होतं. म्हणजे बिशप यायच्या आधीच मिशन हजर!

शरणपूर हे त्या मिशनचंच गाव. ख्रिस्ती झालेल्या माणसाला घर, जात, धंदा, सगळंच सुटे. विल्यम प्राइस यांनी 1854 च्या सुमारास नाशिकबाहेर अशांची वस्ती उभी केली. तिथे सुतारकी, लोहारकी शिकवत. नंतर तिथे आणखी एक लोंढा आला. अरबी समुद्रात इंग्रजी आरमार गुलामांची गलबतं पकडी, आणि सुटलेल्या आफ्रिकन मुलांपैकी बरीच मुंबईहून शरणपूरला धाडली जात. गोदावरीकाठी वाढलेली ही पोरं इंग्रजी कागदपत्रांत 'नासिक बॉइज' म्हणून ओळखली गेली.

त्यातलाच जेकब वेनराइट. डेव्हिड लिव्हिंग्स्टन 1873 मध्ये आफ्रिकेच्या आतल्या भागात वारला, तेव्हा त्याचं शव समुद्रकिनाऱ्यापर्यंत नेणाऱ्यांत जेकब होता. 1874 मध्ये लंडनच्या वेस्टमिन्स्टर अ‍ॅबीतल्या अंत्यविधीत शवपेटी धरणाऱ्यांतही तो होता. पुढे प्राइस आफ्रिकेत गेले, मोंबासाजवळ मुक्त गुलामांसाठी फ्रीअरटाउन वसवलं, आणि शरणपूरची बरीच माणसं तिकडे गेली. आपल्या शाळेच्या इतिहासात यातलं एक अक्षर नव्हतं, याचं मला आजही वाईट वाटतं.

निफाडचा या चर्चशी दुसरा धागा म्हणजे न्यायमूर्ती रानडे. जन्म निफाडचा, 1842 चा. 1890 मध्ये पुण्याच्या पंचहौद मिशनमध्ये त्यांनी आणि टिळकांसह अनेकांनी चहा-बिस्किटं समोर ठेवून घेतली, आणि गावात ग्रामण्य माजलं. 1892 मध्ये रानड्यांनी प्रायश्चित्त घेतलं. ते मिशन अँग्लिकनच. एका कपाला एवढी किंमत, तर शरणपुरात कायमचा राहायला गेलेल्याला काय मोजावी लागली असेल, याचा अंदाज करावा.

असो. नाशिकचा स्वतंत्र धर्मप्रांत व्हायला 1929 उजाडलं. फिलिप लॉइड पहिले बिशप. 1944 पर्यंत ते इथे होते, मग इंग्लंडात सेंट ऑल्बन्सला बिशप म्हणून गेले. लगेच 1930 मध्ये हिंदुस्थानातलं चर्च इंग्लंडच्या चर्चपासून कायद्याने वेगळं झालं. आता बिशपची निवड इथल्याच परिषदांकडे आली, आणि त्यांत पाळकांबरोबर साधी माणसंही बसू लागली.

29 नोव्हेंबर 1970 ला नागपुरात सहा चर्चं एकत्र येऊन 'चर्च ऑफ नॉर्थ इंडिया' झालं. नाशिकचा धर्मप्रांतही त्यात गेला. नगरकडे रेव्हरंड टिळकांच्या अमेरिकन मिशनची परंपरा होती. त्यांच्याकडे बिशप ही भानगडच नव्हती, मंडळीच आपली मालक. त्या लोकांनी शेवटी बिशप पत्करला, आणि अँग्लिकनांनी आपलं 'अँग्लिकन' हे नाव सोडलं. माझ्या मते नाव सोडणं जास्त अवघड होतं.