जुन्या फिती आणि नवे आकडे

रॉक संगीताचे गाजलेले जुने आल्बम आता 'हाय-रेझोल्यूशन' आवृत्तीत पुन्हा विकले जातात. त्यांवर २४ बिट, ९६ किलोहर्ट्झ असे आकडे छापलेले असतात. आकडा मोठा म्हणजे आवाज चांगला, असे सहज वाटते. ते कितपत खरे आहे, हे एका आल्बमच्या इतिहासावरून पाहू.

बीटल्सचा 'सार्जंट पेपर्स लोनली हार्ट्स क्लब बँड' १९६७ साली मुख्यतः लंडनच्या अ‍ॅबे रोडवरील स्टुडिओत तयार झाला. तिथल्या यंत्राच्या चुंबकीय फितीवर फक्त चार पट्ट्या मावत. त्या भरल्या की चारही एकत्र करून दुसऱ्या फितीच्या एक-दोन पट्ट्यांवर उतरवायच्या आणि उरलेल्या पट्ट्यांवर नवी वाद्ये घ्यायची. दर नकलेत खरखर थोडी वाढे, बारकावे थोडे पुसट होत. शेवटी सगळ्याचे मिश्रण करून अंतिम फीत बने.

१९८७ साली हा आल्बम सीडीवर आला. सीडीसाठी ध्वनिलहरीची उंची सेकंदाला ४४,१०० वेळा मोजतात. इतकी का? आपल्याला साधारण २०,००० हर्ट्झपर्यंतचे आवाज ऐकू येतात. लहर पुन्हा जशीच्या तशी उभी करायची, तर तिच्या कंप्रतेच्या दुपटीहून अधिक वेळा ती मोजावी लागते. क्लॉड शॅनन यांनी १९४९ साली याची सिद्धता प्रसिद्ध केली. प्रत्येक मोजमाप १६ बिटांत, म्हणजे ६५,५३६ पायऱ्यांत लिहितात. एका बिटाला सुमारे ६ डेसिबल धरले, तर पल्ला ९६ डेसिबल होतो. २४ बिटांत १४४. पण त्या काळच्या फितीचा पल्लाच ७० डेसिबलच्या आसपास! ध्वनीवर संस्करण करताना जादा बिट उपयोगी पडतात, पण फितीत नसलेले सूर ते आणू शकत नाहीत.

२००७ साली मेयर आणि मोरान यांनी श्रोत्यांना हाय-रेझोल्यूशन ध्वनी आणि त्याचेच सीडीच्या दर्जाचे रूप, कोणते कुठले हे न सांगता ऐकवले. ५५४ प्रयत्नांत बरोबर उत्तरे आली २७६. नाणे उडवूनही जवळपास एवढीच आली असती. २०१६ साली जोशुआ राइस यांनी १८ प्रयोगांचे निष्कर्ष एकत्र केले, तेव्हा हे प्रमाण ५२ टक्क्यांच्या किंचित वर गेले. म्हणजे फरक असलाच तर बारीक.

मग २०१७ सालच्या आवृत्तीत वाद्ये इतकी सुटी आणि स्पष्ट का ऐकू येतात? २००९ सालची आवृत्ती अंतिम फितीवरून केली होती. २०१७ साली जाइल्स मार्टिन यांनी नक्कल होण्यापूर्वीच्या पहिल्या फिती काढल्या आणि नव्याने मिश्रण केले. मधल्या नकलाच टळल्या. हे जमले, कारण पन्नास वर्षे कुणीतरी त्या फिती जपल्या होत्या.

वर्गात हे सहज दाखवता येईल. एका पानाची झेरॉक्स काढा, त्या झेरॉक्सची पुन्हा झेरॉक्स, असे पाच वेळा करा. शेवटच्या प्रतीचा उत्तम कॅमेऱ्याने फोटो घ्या आणि मुलांना विचारा : पुसट झालेली अक्षरे परत आली का? ती हवी असतील, तर काय जपून ठेवायला हवे होते?