साठ फूट अंकुर

'राजा हरिश्चंद्र'च्या आधी दादासाहेब फाळक्यांनी एक चित्रपट काढला होता. त्यात ना राजा होता ना ऋषी. कुंडीतले वाटाण्याचे रोप तेवढे होते. 'अंकुराची वाढ' आज पाहायला मिळत नाही. चरित्रकारांनी दिलेली हकीकत, चार-दोन तारखा आणि फिल्मचे ठरलेले माप, एवढेच साधन हाताशी आहे. तेवढ्यावरही बरेच काही पडताळता येते.

आधी तारखा पाहू. फाळके लंडनहून १ एप्रिल १९१२ रोजी मुंबईला परतले. लंडनमध्ये मागवलेला विल्यमसन कॅमेरा, छिद्रे पाडण्याचे यंत्र आणि इतर सामान मे महिन्यात पोहोचले. 'राजा हरिश्चंद्र'चा निमंत्रितांसाठीचा खेळ ऑलिंपिया थिएटरात २१ एप्रिल १९१३ रोजी झाला, आणि चित्रपटाला सहा महिने सत्तावीस दिवस लागले असे चरित्रांत येते. त्या दिवसापासून मागे मोजले तर आपण सप्टेंबर १९१२च्या अखेरीस येतो. रोपाचा चित्रपट त्याआधीचा असला पाहिजे, कारण तो दाखवूनच यशवंतराव नाडकर्णी यांच्यासारख्यांकडून भांडवल उभे राहिले. म्हणजे मे ते सप्टेंबर. मे महिना अगदीच वगळता येत नाही, पण या काळाचा मोठा भाग मुंबईच्या पावसाळ्याचा आहे. थंडीत येणारे वाटाण्याचे पीक, बाहेर भरून आलेले आभाळ आणि घटकेघटकेला बदलणारा उजेड: चित्रीकरण अशा दिवसांत झाले असावे. हे अनुमान आहे, पण तारखा त्याच बाजूने बोलतात.

आता हकीकत. फाळक्यांनी कुंडीत वाटाणे पेरले, समोर कॅमेरा रोवला आणि महिनाभराहून अधिक काळ चित्रे घेतली. पडद्यावर मात्र मिनिटभरात बी रुजले, कोंब फुटला, वेल झाला. रोज एकच चित्र घेतले, असेही कधी कधी सांगितले जाते. दोन्ही गोष्टी एकदम खऱ्या असू शकत नाहीत. मूकपटाच्या काळात सेकंदाला साधारण सोळा चित्रे पडद्यावर जात. रोज एक याप्रमाणे तीस दिवसांची तीस चित्रे दोन सेकंदांत संपली असती. वाढ दिसण्याआधीच पडदा पांढरा झाला असता. मिनिटभराला ९६० चित्रे लागतात. तीस दिवसांत वाटली तर दिवसाला बत्तीस. फक्त बारा तास उजेड धरला तर दर बावीस-तेवीस मिनिटांनी एक. दिवस थोडे जास्त असतील तर आकडा थोडा उतरेल, पण माणसाला कुंडीपासून फार लांब जाता आले नसेल, एवढे नक्की. रोज एक चित्र ही गोष्ट ऐकायला गोड आहे. मला ती टिकत नाही असे वाटते.

हाताने फिरवायच्या कॅमेऱ्यात नेहमीच्या दांड्याच्या एका फेऱ्याला आठ चित्रे जात. एकेक चित्र घ्यायचे तर दांडा वेगळ्या आसाला लावावा लागे. म्हणजे रोपासमोर बसलेल्या माणसाने तो दांडा हजारभर वेळा एकेक फेरा फिरवला असला पाहिजे, आणि त्या सगळ्या काळात कॅमेरा व कुंडी तसूभरही हलू दिली नसली पाहिजे.

३५ मिलिमीटरच्या फिल्ममध्ये एका फुटाला सोळा चित्रे बसतात. तेव्हा अंकुराची लांबी साठ फूट. प्रत्येक चित्राच्या दोन्ही कडांना चार-चार छिद्रे, एकूण ७,६८०. कोरी फिल्म बिनछिद्रांची येई आणि छिद्रे पाडण्याचे काम त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई फाळके करीत, हे नोंदलेले आहे. या साठ फुटांनाही त्यांचाच हात लागला असेल, असे मी धरून चालतो.

हीच मोजपट्टी दुसऱ्या एका कागदालाही लावून पाहता येते. बार्नाव आणि कृष्णस्वामी यांच्या 'इंडियन फिल्म' या ग्रंथात 'राजा हरिश्चंद्र'च्या सुरतेतील खेळाच्या जाहिरातीची हकीकत आहे: सत्तावन्न हजार छायाचित्रे, दोन मैल लांबीचा चित्रपट, दर तीन आणे. चित्रपट ३,७०० फुटांचा होता. गुणिले सोळा, ५९,२००. छायाचित्रांचा आकडा जवळजवळ बरोबर निघतो! दोन मैल मात्र १०,५६० फूट होतात. ती जाहिरातीची भाषा. एकाच जाहिरातीत इतका चोख हिशेब आणि इतकी मोकळी अतिशयोक्ती शेजारी शेजारी बसलेली पाहून मला त्या माणसाची फार जवळून ओळख झाल्यासारखे वाटले. आपल्या चित्रपटात किती चित्रे आहेत हे त्याला ठाऊक होते, आणि लोकांनाही ते सांगावेसे वाटत होते.

एकेक चित्र घेण्याची ही विद्या पुढे १९१५च्या 'आगकाड्यांची मौज'मध्ये परत दिसते. महायुद्धामुळे पैशाची ओढाताण होती, लांब चित्रपटाऐवजी लहान पट काढणे भाग होते. आगकाड्या स्वतःहून हलताना दाखवायच्या, तर प्रत्येक चित्रामागे त्या हाताने सरकवायच्या. वाटाण्याचे रोप निदान आपण होऊन वाढत होते. फ्रान्समध्ये एमिल कोल यांनी १९०८ सालीच काड्यांचा असा पट केला होता, म्हणून फाळक्यांनी तो पाहिला असावा असे अभ्यासक सुचवतात. पण दोन पटांतले साम्य म्हणजे पाहिल्याचा पुरावा नव्हे, आणि फाळक्यांचा पट आज समोर नाही. हा दुवा कच्चाच ठेवावा.

उरलेल्या फिल्मकडे वळतानाही जपून राहावे लागते. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात 'राजा हरिश्चंद्र'ची पहिली आणि शेवटची रिळे आहेत, १,४७५ फूट. ती १९१३च्या चित्रपटाची नसून १९१७च्या नव्या आवृत्तीची असावीत, असे काही अभ्यासक मानतात. म्हणजे ज्याला आपण आरंभ म्हणून पाहतो तोही कदाचित दुसरा आरंभ आहे.

१९१७च्याच 'चित्रपट कसे तयार करतात' या लघुपटाचा तुकडा मात्र टिकला आहे. त्यात खुद्द फाळके आहेत. फिल्मची पट्टी डोळ्यांसमोर धरून ते चित्रे न्याहाळत आहेत.