हिरो नाही, वेळ भारी!

'डोटा २'मध्ये सगळ्यात भारी हिरो कोणता, हे सगळेच विचारतात. खरा प्रश्न आहे, तो भारी कधी?

८ ऑगस्ट २०१५, सिएटलचं की-अरीना. 'द इंटरनॅशनल'ची फायनल. अमेरिकेची इव्हिल जीनियसेस चीनच्या सीडीईसीपुढे २-१ ने आघाडीवर. चौथ्या गेममध्ये सीडीईसीवाले रोशन राक्षसाला मारायला त्याच्या अरुंद गुहेत शिरले. त्याला मारलं की एका हिरोला जादा जीव मिळतो ना!

इकडे साहिल अरोरा, म्हणजे 'युनिव्हर्स', अर्थशेकर खेळत होता. त्याच्या इको स्लॅमचं गणित सोपं: जवळ शत्रू जितके जास्त, तितका मार जास्त. पण एकदा वापरला की जवळपास दोन मिनिटं थांबा. एकट्यादुकट्यावर टाकला तर वायाच. गुहेत मात्र सगळे दाटीवाटीनं उभे! त्यात पीपीडीच्या आईस ब्लास्टमुळे कुणाची हेल्थ भरेना. युनिव्हर्सनं आत उडी घेतली, स्लॅम टाकला आणि सीडीईसीचं कंबरडंच मोडलं. इव्हिल जीनियसेस ३-१ ने जिंकली. बक्षीस सुमारे ६६ लाख डॉलर!

सीडीईसीला वाटलं, ही आपली वेळ. पण जादा जीवासाठी ते एका जागी जमले, तीच अर्थशेकरची वेळ ठरली. म्हणून अल्टिमेट तयार झाला की लगेच बटण दाबू नका. समोरच्यांना कशाचा मोह आहे, ते आधी बघा.